देठमीमांसा

विषयप्रवेश

क्रीमी अस्पॅरॅगस सूप घरी कसे करावे, या प्रश्नाचे उत्तर एका ओळीत देता येते: कांदा परता, अस्पॅरॅगस शिजवा, मिक्सरमधून काढा, क्रीम घाला. एवढ्यावर ज्यांचे समाधान होते त्यांनी इथेच थांबून स्वयंपाकघरात जावे. त्यांचे सूप वाईट होणार नाही. प्रस्तुत प्रबंध उरलेल्यांसाठी आहे. ज्या विषयाला एक ओळ पुरते त्यावर शंभर ओळी लिहिणे म्हणजे संशोधन, अशी आमची समजूत विद्यापीठात असतानाच झाली, आणि ती बदलावी असे पुढे काही घडले नाही.

अभ्यासक्षेत्र म्हणून हिंजवडी का निवडली, हे सांगणे भाग आहे. गाव मुळशी तालुक्यातले, म्हणजे सरकारदरबारी त्याचे ठाणे पौडला. चैत्री पौर्णिमेला, हनुमान जयंतीच्या दिवशी, इथले लोक म्हातोबाचे बगाड हिंजवडीहून वाकडला ओढत नेतात. वर्षाचे उरलेले दिवस वाकडहून हिंजवडीला मोटारी ओढत आणण्याचे काम राजीव गांधी इन्फोटेक पार्कातले लोक करतात. एकाच तालुक्यात एकीकडे आंबेमोहोराची खाचरे आणि दुसरीकडे एसीच्या गारव्यात रबरबँड लावून उभ्या केलेल्या अस्पॅरॅगसच्या जुड्या, अशी सोय संशोधकाला सहसा मिळत नाही.

हा कोंब इथे रुजला कसा? (खाण्यात रुजला, मातीत नव्हे, जुडीवरचे लेबल बहुतेक वेळा थायलंडचे असते.) आमचे गृहीतक असे की तो ऑनसाइट मार्गाने आला. जर्मनीत एप्रिलपासून २४ जूनपर्यंत अस्पॅरॅगसचा हंगाम असतो, आणि आपल्याकडे हापूसचे जे होते ते तिथे त्याचे होते: रस्त्याकडेला तात्पुरती दुकाने, हॉटेलात वेगळे मेन्यूकार्ड, आणि भावाबद्दल घरोघरी कुरकुर. तिथल्या लोकांना पांढरा अस्पॅरॅगस प्रिय. कोंब वर येताना त्यावर मातीचा वरंबा चढवत राहिले की ऊन लागत नाही, हरितद्रव्य तयार होत नाही आणि कोंब पांढरा राहतो. २४ जूनला, सेंट जॉनच्या दिवशी, कापणी बंद. मग उरलेल्या कोंबांना पाने फुटू देतात आणि जमिनीतला गड्डा पुढच्या वर्षासाठी ताकद साठवतो. आमचा इंजिनिअर एखाद्या प्रोजेक्टच्या निमित्ताने नेमका या दिवसांत तिथे असतो, परत येताना चॉकलेटांबरोबर ही आवडही घेऊन येतो आणि फेज एकमधल्या सुपरमार्केटात हिरवी जुडी पाहून हळवा होतो. या गृहीतकाला पुरावा नाही. तरी ते आम्ही सोडणार नाही.

कुलवृत्तांत

आपल्याकडे घराणे कळल्याशिवाय ओळख पुरी होत नाही. अस्पॅरॅगस ऑफिसिनॅलिस पूर्वी लिलिएसी या कुळात मोडत असे. ते खटल्याचे एकत्र कुटुंब होते. लिली, कांदा, लसूण, कोरफड, सगळे एका छपराखाली, आणि कोणाचे कोणाशी नेमके काय नाते हे विचारायची सोय नव्हती. पुढे डीएनए तपासण्याची विद्या आली आणि वाटण्या सुरू झाल्या. २००९ साली एपीजी या वनस्पतिशास्त्रज्ञांच्या गटाने आपले तिसरे वाटणीपत्र प्रसिद्ध केले. त्यात कांदा आणि लसूण अमॅरिलिडेसी घराण्यात गेले, कोरफडीने वेगळी चूल मांडली, आणि अस्पॅरॅगसच्या वाट्याला त्याच्याच नावाचे, अस्पॅरॅगेसी नावाचे, भले मोठे कुळ आले.

या कुळाची वंशावळ पाहून आम्ही चकित झालो. घरात शतावरी आहे हे अपेक्षित होते, ती सख्खीच. पण त्याखेरीज निशिगंध आहे, घायपात आहे, सफेद मुसळी आहे, जिच्या शास्त्रीय नावात मुंबईची बोरिवली कायमची वसली आहे. त्याच मुसळीच्या जातीची, पावसाळ्याच्या तोंडाशी घाटातल्या बायका पाटीत घेऊन बसतात ती फोडशीची भाजी आहे. आणि आयटी कंपनीच्या रिसेप्शनमध्ये, ज्याला महिनाभर पाणी न घालताही कोणाची चौकशी लागत नाही, तो स्नेक प्लँटही याच घराण्यातला. म्हणजे हिंजवडीतला माणूस सकाळी ऑफिसात स्नेक प्लँटला वळसा घालून लिफ्टपर्यंत जातो, दुपारी कोणाच्या तरी निरोपसमारंभात शोभेच्या अस्पॅरॅगसची हिरवी जाळी लावलेला बुके हाती घेतो, संध्याकाळी वास्तुशांतीला निशिगंधाचा हार नेतो, आणि रात्री घरी जुडी दिसली की विचारतो, "हे काय नवीन?"

कांद्याबद्दल एक खुलासा. सुपात कांदा घालणे हे सगोत्र विवाहासारखे आहे काय, अशी शंका कुळाचार पाळणाऱ्या वाचकाला येऊ शकते. तर कुळे आता वेगळी झाली आहेत, मात्र वनस्पतिशास्त्राप्रमाणे दोघांचा गण अजून एकच, अस्पॅरॅगेल्स. कुळ भिन्न आणि गण एक, पत्रिका जमते. याच गणात केशर आणि व्हॅनिलाही आहेत. तरी ती सुपात घालू नयेत.

पूर्वपक्ष

कोणताही सिद्धांत मांडण्यापूर्वी विरोधकाचे म्हणणे ऐकून घ्यावे, ही आपली जुनी रीत. या सुपाला विरोध करणारे तीन पक्ष आहेत.

पहिला पक्ष कपाटातल्या डब्याचा. महाराष्ट्रात शतावरी माहीत असते ती कल्पाच्या रूपाने: पिवळट दाणे, वेलदोड्याचा वास, दुधात दोन चमचे, आणि समोर बाळंतीण. या पक्षाचे म्हणणे समजण्यासाठी एका फ्लॅटमधला संवाद नमुन्यादाखल देतो.

"हे काय आणलंस गं?"

"अस्पॅरॅगस, आई. आपल्या शतावरीची बहीणच म्हणा."

सासूबाई थोडा वेळ काही बोलल्या नाहीत. मग आवाज खाली आणून म्हणाल्या, "कितवा महिना?"

"अहो आई, सूप करायचंय."

"कर की. तू बस, मी करते. आणि लिफ्ट बंद असली तर जिने चढू नकोस."

या पक्षाचे खंडन सोपे आहे, पण ते घरात करू नये. आयुर्वेदात वापरतात ते शतावरीचे मूळ. वेलीच्या बुडाशी जमिनीत झुपक्याने वाढणाऱ्या मांसल मुळ्या खणून, सोलून, वाळवून त्यांची पूड करतात. सुपात जातो तो दुसऱ्या जातीचा कोंब. नाते जवळचे असले तरी दोघींची कामे वेगळी.

दुसरा पक्ष अधिक गंभीर. तो म्हणतो, मुळशीच्या डोंगरात पहिला पाऊस पडला की आपल्या शतावरीलाही कोवळे कोंब येतात, लोक त्यांची भाजी करतात, कृषी विभाग ऑगस्टमध्ये रानभाजी महोत्सव भरवतो. मग थायलंडहून विमानाने गवत कशाला आणायचे? योगायोग असा की जर्मनीत कापणी थांबते त्याच सुमाराला, जूनअखेरीस, आपल्या घाटात हे कोंब वर येत असतात, जणू एका दुकानाने शटर ओढले आणि दुसऱ्याने उघडले. आम्हाला हा पक्ष मनापासून पटतो आणि तरीही तो सुपाला लागू होत नाही. रानातला कोंब बारीक आणि किंचित कडवट. कांदा-लसणावर परतून भाकरीबरोबर तो झकास लागतो, पण पातेलेभर सुपासाठी त्याचा भाराच लागेल. औषधासाठी मुळे खणून नेल्यामुळे जंगलातल्या वेली आधीच विरळ झाल्या आहेत. त्यांचे कोंबही आपण मिक्सरमध्ये घातले तर पुढच्या पिढीला ही वनस्पती फक्त कल्पाच्या डब्यावरच्या चित्रात दिसेल. तेव्हा कोंब मिळाले तर मूठभर घ्यावेत आणि भाजी करावी.

तिसरा पक्ष काटकसरी तरुणांचा आहे: बुकेतला अस्पॅरॅगस चालेल का? नाही. तो शोभेचा. त्याची फळे तर पोट बिघडवतात. हा प्रश्न आम्हाला खरोखर विचारला गेला होता, म्हणून उत्तर दिले.

वाहतूक आणि लिग्निन

भाजी कापली की मरते, असा सामान्य समज आहे. अस्पॅरॅगस मरत नाही. कापल्यावरही त्याचा श्वासोच्छ्वास जोरात चालू राहतो. बाजारातल्या भाज्यांमध्ये या बाबतीत तो पहिल्या काहींत येतो. श्वासाला इंधन लागते, ते तो स्वतःच्या साखरेतून काढतो, म्हणून गोडी कमी होत जाते. त्याच वेळी कापलेल्या टोकाकडून वर वर पेशींच्या भिंतींत लिग्निन साठू लागते. लिग्निन म्हणजे लाकडाला लाकूडपण देणारा पदार्थ. गारव्यात ही क्रिया मंदावते आणि उन्हात वेग घेते.

आता ही जुडी गुलटेकडीच्या मार्केट यार्डातून घेतली असे समजू. तिथून हिंजवडी वीस किलोमीटरच्या वर. एप्रिलची संध्याकाळ, गाडीची डिकी, वाकडचा पूल. जगातल्या पाककृतींच्या पुस्तकांत "ताजा अस्पॅरॅगस घ्यावा" एवढे लिहून लेखक मोकळे होतात. घेतल्यानंतर तो भुजबळ चौकात पाऊण तास उभा राहील ही शक्यता त्यांनी धरलेली नसते. शिवाजीनगर ते माण या सुमारे २३ किलोमीटरच्या मेट्रोमार्गाची पायाभरणी डिसेंबर २०१८ मध्ये झाली, तेव्हा भाषणांत प्रवासी, रोजगार, प्रदूषण यांचा उल्लेख झाला असणार. लिग्निनचा झाला नसावा.

सुचवलेला उपाय: जुडी घेताना देठांची टोके पाहावीत, ती सुकून पांढरी पडली असतील तर जुडी घेऊ नये. शेंडे घट्ट मिटलेले असावेत. घरी आणल्यावर बुडापासून चकतीभर कापून जुडी पेल्यात बोटभर पाण्यात उभी करावी, वर सैल पिशवी टाकावी आणि पेला फ्रिजमध्ये ठेवावा. फ्रिजच्या दारात ठेवू नये. दार सारखे उघडते, आणि हिंजवडीत वर्क फ्रॉम होम असेल त्या दिवशी तर विचारूच नये.

देठ

आता मुख्य विषय.

अस्पॅरॅगसचा खालचा तिसरा हिस्सा जून असतो. पाश्चात्त्य पाकशास्त्रात यावर एक प्रसिद्ध युक्ती आहे: कांडी दोन्ही हातांनी धरून वाकवा, जिथे मोडेल तिथे कोवळे आणि जून यांची सरहद्द. ऐकायला हे फार सुंदर आहे. निसर्गानेच रेषा आखली आहे आणि आपण फक्त ती विचारायची. परंतु कांडी कुठे मोडते हे बरेचसे आपण ती कुठे धरतो यावर ठरते. हात वर सरकवा, वर मोडेल. एकाच कांडीला निरनिराळ्या जागी धरले तर ती निरनिराळी उत्तरे देते. असा साक्षीदार न्यायालयात चालत नाही, मग स्वयंपाकघरात का चालवावा? या युक्तीने बरेच कोवळे मांसही कचऱ्यात जाते. त्यापेक्षा साधी सुरी घ्यावी आणि बुडापासून वर दाबत जावे. जिथे ती न अडखळता आत जाईल तिथे कापावे.

इथपर्यंत तंत्र झाले. तात्त्विक प्रश्न पुढे आहे: कापलेल्या देठाचे काय करायचे? सर्वसाधारण कृती म्हणते, टाकून द्या. या एका वाक्यावर आमचा आक्षेप आहे, आणि हा सगळा प्रबंध त्या आक्षेपासाठी लिहिला आहे.

ज्या प्रांतात दोडक्याच्या शिरा टाकत नाहीत, त्यांची तीळ-खोबरे घालून चटणी करतात. ज्या प्रांतात दुधीची साल परतून ताटात डावीकडे वाढतात. अळूची पाने एकीकडे आणि देठे दुसरीकडे करून, देठे सोलून फदफद्यात घालतात, आणि तरीही उरली तर दह्यात कालवून त्यांची देठी करतात. कोथिंबिरीची पाने वरून भुरभुरायला आणि काड्या वाटणाला, असे खातेवाटप जिथे पिढ्यान्‌पिढ्या चालत आले आहे, त्या प्रांतात येऊन एका जुडीचा तिसरा हिस्सा, तोही भाजीवाल्याने सोन्याच्या भावाने तोलून दिलेला, ओल्या कचऱ्याच्या बादलीत टाकायचा?

पण भावनेने शास्त्र चालत नाही. देठ सुपात तसाच वाटला तर काय होते? पालेभाजी शिजवली की मऊ होते, कारण पेशींना धरून ठेवणारे पेक्टिन गरम पाण्यात सुटते. लिग्निन सुटत नाही. कुकरच्या कितीही शिट्ट्या काढा, ते लाकूडच राहणार. मिक्सरने त्याचे तुकडे होतात आणि प्रत्येक तुकडा एक दोरा म्हणून घशात अडकतो. म्हणजे देठ टाकायचा नाही आणि खायचाही नाही. अशा पेचात तर्कशास्त्र हात टेकते. उदाहरण शोधावे लागते, आणि ते आमटीत सापडते: शेवग्याची शेंग.

शेवग्याच्या शेंगेचे साल कोणी खात नाही. आमटीत ती उकळते, आपला सगळा वास आमटीला देते, मग ताटात येते, चावली जाते, चोखली जाते आणि ताटाच्या कडेला चोथ्याची रास होते. न गिळता रस घेण्याचे हे शास्त्र मराठी माणसाच्या दातांना शाळेत जाण्यापूर्वीच अवगत असते. तेच देठाला लावायचे. देठांचे पेरभर तुकडे पाण्यात घालून वीस मिनिटे उकळायचे आणि ते पाणी गाळून घ्यायचे. जी चव लाकडात अडकली होती ती पाण्यात आली, लाकूड गाळणीत राहिले. हे पाणी हाच सुपाचा पाया. स्टॉक क्यूबचे पाणी ज्यांनी वापरले आहे त्यांनी एकदा हे चमच्याने चाखून पाहावे. विकतच्या क्यूबमध्ये मीठच फार.

हा देठसिद्धांत. ज्याने देठ टाकला त्याने पैसे सुपाचे दिले आणि केली मात्र हिरवी खीर, असे आमचे स्पष्ट मत आहे.

एका जास्त कांडीची गोष्ट

देठाचा विषय निघालाच आहे तर चित्रकार माने यांचा उल्लेख टाळता येत नाही. (हे माने पॅरिसचे, एदुआर. साताऱ्याकडच्या मान्यांशी संबंध नाही.) १८८० साली त्यांनी अस्पॅरॅगसच्या जुडीचे चित्र काढले आणि शार्ल एफ्रुसी नावाच्या संग्राहकाला आठशे फ्रँकला विकले. एफ्रुसींनी हजार पाठवले. मान्यांनी मग एकाच कांडीचे छोटे चित्र काढून त्यांना पाठवले आणि कळवले की तुमच्या जुडीतली ही एक राहून गेली होती. जुडी आज जर्मनीत कोलोनच्या संग्रहालयात आहे आणि कांडी पॅरिसमध्ये ओर्सेत.

कलासमीक्षकांनी या प्रसंगावर पुष्कळ लिहिले आहे, पण मंडईच्या अंगाने कोणी पाहिलेले दिसत नाही. गिऱ्हाइकाने जास्त पैसे दिले आणि विकणाऱ्याने वरून एक घातली, याला आपल्याकडे व्यवहार म्हणतात. दोन जुड्या मेथी घेतल्यावर "मावशी, वरून कोथिंबीर?" असे विचारणाऱ्या कोणत्याही पुणेकराला माने लगेच समजतील. सुपरमार्केटात मात्र वरून काही मिळत नाही. तिथे पिशवीचेही पैसे घेतात.

दाटपणाचा वाद

सूप क्रीमी होते ते क्रीममुळे, हा भ्रम आहे. पातळ पाण्यात क्रीम घातले तर पांढरे पातळ पाणी तयार होते. दाटपणा पिष्टापासून येतो. क्रीम त्याला फक्त गुळगुळीत करते. पिष्ट कोणते, यावर पंथ आहेत. फ्रेंच पंथ लोण्यात मैदा परततो. एस्कॉफिये यांचा १९०३ चा ग्रंथ हा त्यांचा आधार, आणि अस्पॅरॅगसच्या क्रीम सुपाला ते पॅरिसजवळच्या आर्जाँतय गावाचे नाव देतात, कारण तिथला अस्पॅरॅगस नामांकित. आपल्याकडचा हॉटेली पंथ कॉर्नफ्लोअर कालवून ओततो. त्याने सूप काचेसारखे चमकते आणि दुसऱ्या दिवशी डिंकासारखे दिसते.

आमचा पक्ष आंबेमोहोराचा. मुळशीत सूप करायचे आणि मैद्याला हात लावायचा हे स्थानमाहात्म्याला सोडून आहे. आंबेमोहोर शिजला की मऊ आणि चिकटसर होतो, त्याची पेज आजाऱ्यालाही चढते, आणि वाटल्यावर तो सुपात कुठे गेला ते कळतही नाही. परंपरावाद्यांच्या समाधानासाठी सांगतो की फ्रेंचांच्या जुन्या बिस्क सुपालाही दाटपणा तांदळानेच येत असे. वास मात्र सांभाळावा. तांदूळ जास्त झाला तर आंब्याचा मोहोर पुढे येतो आणि अस्पॅरॅगस मागे पडतो. आम्हाला त्याचेही दुःख नाही, पण विषय बदलतो.

मुळशीच्या भाताचा इतिहास मात्र इतका मऊ नाही. १९२१ साली इथल्या शेतकऱ्यांनी सेनापती बापटांच्या नेतृत्वाखाली टाटांच्या धरणाविरुद्ध सत्याग्रह केला. धरण झालेच. भातखाचरे पाण्याखाली गेली, पाणी घाटाखाली भिऱ्याला उतरले आणि वीज मुंबईला गेली. फ्लॅटच्या बाल्कनीतून इन्व्हर्टरचा आवाज ऐकताना हे कधीतरी आठवायला हरकत नाही.

आता क्रीम. घरात साय असताना विकतचा डबा कशाला, हा सायवाद्यांचा प्रश्न रास्त वाटतो, पण साय म्हणजे नुसती स्निग्धता नव्हे. तिच्यात दुधातली प्रथिनेही गोठून बसलेली असतात. गरम सुपात ती विरघळत नाही, तिच्या गुठळ्या तरंगतात, आणि मिक्सरमध्ये घालून जास्त फिरवली तर लोणी निघते. सायच वापरायची तर गार दुधात घोटून, गाळून घालावी. डब्यातल्या फ्रेश क्रीममध्ये साधारण पंचवीस टक्के स्निग्धांश असतो. गॅस बंद करून शेवटी घातले तर ते फाटत नाही.

डबावाद्यांपुढची खरी अडचण वेगळीच आहे. सुपाला क्रीम लागते पाव वाटी. डबा येतो पाव लिटरचा. उरलेले क्रीम दोन-तीन दिवसांत संपवायला हवे, म्हणून दुसऱ्या दिवशी दाल मखनी होते. दाल मखनीला उडीद भिजवावे लागतात, ते नेहमी जास्त भिजतात, उरलेल्यांचे तिसऱ्या दिवशी वडे होतात, वड्यांना दही लागते. अशा रीतीने एका हलक्या, पथ्याच्या सुपापासून सुरू झालेला आठवडा दहीवड्यावर येऊन ठेपतो. हिंजवडीतल्या अनेक घरांच्या मासिक वजनवाढीचे मूळ या उरलेल्या डब्यात असावे. हे आमचे दुसरे गृहीतक.

रंग, पाणी आणि स्फोट

रोमन इतिहासकार सुइटोनियस सांगतो की सम्राट ऑगस्टसला एखादे काम झटपट व्हायला हवे असले की तो "अस्पॅरॅगस शिजायच्या आत" असे म्हणे. म्हणजे दोन हजार वर्षांपूर्वीही तो जास्त शिजवू नये हे लोकांना माहीत होते. कारण रसायनाचे आहे. हरितद्रव्याच्या गाभ्यात मॅग्नेशियमचा अणू असतो. भाजी शिजताना पेशींतली आम्ले मोकळी होतात, ती तो अणू उखडून काढतात आणि हिरवा रंग शेवाळी होतो. म्हणून झाकण ठेवू नये, पाच-सहा मिनिटांवर शिजवू नये, आणि लिंबू पिळायचेच असेल तर ताटलीत. चिमूटभर सोड्याने रंग टिकतो खरा, पण चव साबणाकडे झुकते आणि भाजीचा लगदा होतो.

पाण्याकडे लक्ष द्यावे. सोसायटीत टँकर येतो त्या दिवशीच्या पाण्यात डाळ शिजत नाही, हा अनुभव सार्वत्रिक आहे. जड पाण्यातला कॅल्शियम पेक्टिनला घट्ट बांधतो आणि भाजी कितीही उकळली तरी अंगठ्याला दाद देत नाही. देठ उकळायला आरओचे पाणी घ्यावे. ते पुरले नाही तर सूप पुढे ढकलावे.

मिक्सर. गरम सूप झाकणबंद भांड्यात फिरवले की आतली हवा एकदम तापते, वाफ सुटते आणि झाकण उडते. परिणाम छतावर दिसतो. भांडे तिसऱ्या हिश्श्याहून जास्त भरू नये, झाकणाची मधली टोपी काढून त्यावर घडी केलेला पंचा धरावा आणि पहिल्यांदा नुसता पल्स द्यावा. भाड्याच्या फ्लॅटमध्ये राहणाऱ्यांनी सूप आधी कोमट होऊ द्यावे. डिपॉझिट मोठे असते.

मीठ

शेवटी.

एक नाजूक प्रकरण

अस्पॅरॅगस खाल्ल्यावर काही तासांनी एक विशिष्ट वास येतो, कुठे ते वाचकाने समजून घ्यावे. अस्पॅरॅगसिक आम्लाचे शरीरात विघटन होऊन गंधकयुक्त संयुगे तयार होतात, त्यांचा तो वास. बेंजामिन फ्रँकलिनने १७८१ साली एका विद्वत्सभेला लिहिलेल्या पत्रात त्याची नोंद केली आहे. गंमत पुढे आहे: पुष्कळांना हा वास येतच नाही. २०१६ साली ब्रिटिश मेडिकल जर्नलमध्ये आलेल्या अभ्यासात जवळपास सात हजार अमेरिकनांना विचारले गेले. सुमारे साठ टक्के लोकांनी आपल्याला तो येत नसल्याचे सांगितले, आणि या न येण्यामागची जनुकेही संशोधकांनी शोधली. आमच्या विषयनिवडीला जे हसले त्यांनी हे जर्नल जरूर पाहावे. शेजाऱ्यांच्या जेवणाबद्दल चौकस असलेल्या सोसायट्यांमध्ये या जनुकाचा उपयोग काय, हे सांगण्याची गरज नाही.

प्रयोगविधी

१९७० च्या 'रुचिरा'पासून मराठी स्वयंपाकघराने वाटी आणि चमचा ही मापे प्रमाण मानली आहेत, म्हणून तीच ठेवतो. पाव किलोची जुडी. बुडाचे देठ कापून त्यांचे तुकडे साडेतीन वाट्या पाण्यात वीस मिनिटे मंद उकळा. उकळी चालू असताना शेंडे गाळणीत धरून मिनिटभर त्यातच बुडवा आणि बर्फाच्या पाण्यात टाका. मग पाणी गाळून घ्या. दुसऱ्या पातेल्यात लोण्यावर एक लहान कांदा मऊ करा, लाल होऊ देऊ नका. त्यावर लसणाची एक पाकळी आणि पोह्यांचे दोन चमचे धुतलेला आंबेमोहोर घाला, देठाचे पाणी ओता आणि तांदूळ बोटाने चिरडेपर्यंत शिजवा. तो पूर्ण शिजल्यावरच मधल्या कांड्यांचे तुकडे घाला, झाकण न ठेवता पाच मिनिटे. कोमट करा, वाटा आणि न चुकता गाळा. परत गरम करा, गॅस बंद करा, पाव वाटी क्रीम, मिरी, जायफळ अगदी एकदा घासून, आणि मीठ. शेंडे वरून.

लसूण एकच पाकळी, कारण दुसरी घातली की सुपाला चायनीजच्या गाडीचा वास येतो. बरोबर टोस्ट चालतो. ज्वारीची भाकरी मोडून घातली तर आमची हरकत नाही.

एका जुडीत दोघांचे सूप होते. चौघे असतील तर दोन जुड्या आणा. पाणी वाढवून भागवू नका.